मागे राहिलेला गडी

(प्रस्तावना)

गडी वाटून घेताना शेवटी जो उरतो, त्याला मागे ठेवतात. बडोद्यात पाणीगेटला आमच्या पोळीत, म्हणजे गल्लीत, हा नियम कोणी सांगितला नव्हता, पण तो कधी मोडल्याचेही मला आठवत नाही. दोन कप्तान समोरासमोर उभे राहत, पावलाला पाऊल लावत पुढे येत आणि ज्याचे पाऊल दुसऱ्याच्या पावलावर पडे तो पहिला गडी मागे. आधी चपळ पोरे जात, मग दांडगी, मग ज्याच्या मालकीचा चेंडू असे तो, आणि सगळे संपल्यावर मी. "तू पाछळ रहे," एवढीच आज्ञा. आम्ही घरात मराठी आणि ओट्यावर गुजराती बोलणारी मुले. घरी गेल्यावर या वाक्याचे भाषांतर माझे मीच करत असे. मागे राहा. मराठीत मागे राहणे म्हणजे काय, हे शाळेतले मास्तरही अधूनमधून सांगत असत, त्यामुळे त्या शब्दाची चव फारशी गोड नव्हती.

गोल म्हणजे दोन विटा. विटांच्या मागे उघडे गटार. माझ्याकडे दोन कामे होती: चेंडू गटारात जाऊ न देणे, आणि गेलाच तर तो काढणे. पहिले काम मी किती वेळा केले याची नोंद कुठे नाही. दुसरे किती वेळा केले ते आईच्या लक्षात होते.

या पुस्तकाचे लेखक त्याच पोळीतले, माझ्याहून पंधराएक वर्षांनी लहान आणि मागच्याच जातीचे. साडीच्या दुकानाच्या पिशवीत कागदांचा गठ्ठा घालून ते एका रविवारी घरी आले आणि म्हणाले, "काका, बचावपटूंवर लिहिलंय. तुम्ही चार शब्द लिहा." मी विचारले, "कोणत्या बचावपटूंवर?" ते म्हणाले, "हॉलंडपासून मुंबईपर्यंत." मला हसू आले. पण गठ्ठा वाचायला घेतला तो रात्री अकराला खाली ठेवला. चार शब्दांचे चार हजार होऊ नयेत एवढीच काळजी आता घ्यायची आहे.

पाणीगेट ज्यांनी पाहिलेले नाही त्यांच्यासाठी थोडे सांगतो. जुन्या बडोद्याच्या मधोमध मांडवी. तिथून चार दिशांना चार सरळ रस्ते निघतात आणि चार दरवाजांशी थांबतात: लहेरीपुरा, चांपानेर, गेंडी आणि पूर्वेला आमचे पाणीगेट. तट केव्हाच गेला, दरवाजे राहिले. आता रिक्षा आणि हातगाड्या दरवाजाला वळसा घालतात, पुढे आजवा रोड सुरू होतो, आणि संध्याकाळी सेवउसळीच्या गाड्यांवर जी गर्दी होते तिच्यातल्या किती जणांना ठाऊक असते की ही उसळ मुळात आमच्या मराठी घरांतून रस्त्यावर आली? पण ते असो. हॉलंडशी या भागाचे नाते पुस्तकात नाही, म्हणून इथे नोंदवतो. पाणीगेटला लागून असलेल्या याकुतपुऱ्यात गायनाचार्य मौलाबक्ष यांचे घर आहे. त्यांचे नातू इनायत खाँ १८८२ साली बडोद्यात जन्मले, वीणा घेऊन पश्चिमेला गेले आणि सूफी विचारांचे गुरू झाले. नेदरलँड्समध्ये काटवेक इथे, समुद्रकाठच्या वाळूच्या टेकड्यांत, त्यांच्या शिष्यांनी पुढे एक प्रार्थनामंदिर बांधले. म्हणजे आमच्या बाजूने एक माणूस हॉलंडपर्यंत पोहोचला. हॉलंडचे बचावपटू आमच्या पोळीत येऊन राहिले ते मात्र फार उशिरा, आणि टीव्हीतून.

बडोद्याचा माणूस बचावावर लिहायला बसतो, यात मला वावगे काही वाटत नाही. किंबहुना हे पुस्तक दुसऱ्या गावात लिहिले गेले असते तर आश्चर्य वाटले असते. या शहराला खेळांचे नियम लिहून काढण्याची जुनी खोड आहे. हुतूतू गावोगाव वेगवेगळ्या तऱ्हांनी खेळला जात होता. संजीवनीत बाद झालेला गडी जिवंत होई, गामिनीत होत नसे, अमरमध्ये बाद होऊनही मैदानातच राही. तो खेळ एका शिस्तीत बसवण्यासाठी बडोद्याच्या हिंदविजय जिमखान्याने समिती नेमून नियम केले आणि १९२३ साली त्या नियमांनी इथे अखिल भारतीय स्पर्धा झाली. जुम्मादादांच्या व्यायामशाळेत प्रोफेसर माणिकराव मुलांना घडवत होते आणि तुटलेली हाडे जुळवत होते. दत्तात्रय चिंतामण मुजुमदारांनी याच शहरातून मराठीत व्यायाम ज्ञानकोशाचे दहा खंड काढले. माझ्या आजोबांच्या कपाटात त्यांतले तीन होते. बाकीचे कोणी नेले यावरून घरात दोन पिढ्या वाद झाला.

हुतूतूत चढाई करणारा एकटा येतो आणि पकडणारे सात असतात. तरी प्रेक्षकांच्या तोंडी पकडीचीच भाषा जास्त. घोटा धरला की मांडी, कोपऱ्यातला की मधला, साखळी तुटली की टिकली, यावर सामना संपल्यावर अर्धा तास बोलणारे लोक मी पाहिले आहेत. सातांनी मिळून धरला तरी गुण एकच, पण घोट्याला पहिला हात कोणाचा पडला ते सगळ्यांना माहीत असते. कोपरारक्षकाला आमच्याकडे कधी कोणी 'उरलेला' म्हटले नाही.

खो-खो तर त्याहून पुढे गेला. वर्तमानपत्रातली खो-खोच्या सामन्याची बातमी नीट वाचून पाहा. खेळाडूचे नाव, आणि पुढे कंसात: २.१० मि. संरक्षण, ३ बळी. किती गडी मारले हे नंतर. किती वेळ सापडला नाही हे आधी. तीन-तीनच्या तुकडीने पळती करणारे मैदानात येतात, खुंटाला वळसा घालतात, साखळी पळतात, हुलकावणी देतात, आणि पंचाच्या घड्याळात प्रत्येकाचे मिनिट-सेकंद वेगळे मोजले जातात. ज्याने काहीही 'केले' नाही, फक्त काही होऊ दिले नाही, त्याची ही नोंद. जानेवारी २०२५मध्ये दिल्लीला खो-खोचा पहिला विश्वचषक झाला तेव्हा नियम बरेच बदललेले होते, मॅट आली होती, दिव्यांचा झगमगाट होता. प्रतीक वाईकर आणि प्रियांका इंगळे या दोन मराठी कर्णधारांनी पुरुषांचा आणि महिलांचा असे दोन्ही चषक जिंकले. पण मी टीव्हीपुढे बसून पाहत होतो ते पळतीचे घड्याळच.

क्रिकेटचेही तसेच. धावफलकात धावांच्या शेजारी मिनिटांचा रकाना असतो आणि बडोद्याने त्या रकान्यावर प्रेम केले आहे. अंशुमन गायकवाडांनी १९८३च्या सप्टेंबरात जालंधरला पाकिस्तानविरुद्ध २०१ धावा काढल्या, ६७१ मिनिटे उभे राहून. त्या वेळेपर्यंत प्रथम श्रेणीच्या क्रिकेटमध्ये इतके संथ द्विशतक कोणी केले नव्हते. दुसऱ्या गावात या गोष्टीची चेष्टा झाली असेल. आमच्या गल्लीत ६७१ हा आकडा मुले अभिमानाने सांगत. १९७६ साली किंग्स्टनला वेस्ट इंडिजच्या होल्डिंगचा चेंडू कानावर बसेपर्यंत ते ८१ धावांवर टिकून होते, हेही. ३१ जुलै २०२४ला ते बडोद्यातच गेले तेव्हा आमच्या वयाचे लोक त्यांचे फटके नव्हे, त्यांची ती मिनिटे आठवत होते.

आता फुटबॉलकडे या. नव्वद मिनिटे. त्यांत बचावपटूच्या नावापुढे काय लिहितात? गोल पडला तर आघाडीवीराचे नाव, पास देणाऱ्याचे नाव. गोल पडला नाही तर गोलरक्षकाच्या खात्यात जमा. बचावपटूचे नाव छापून येते ते पिवळे कार्ड मिळाल्यावर, लाल मिळाल्यावर किंवा चेंडू चुकून स्वतःच्याच जाळ्यात गेल्यावर. लेखकाने पहिल्या प्रकरणाला 'खात्याशिवायचा खातेदार' असे नाव दिले आहे. मला ते जरा नटवे वाटले, पण मुद्दा पटला.

हल्ली टॅकल मोजतात, अडवलेले पास मोजतात. त्यानेही पुरे होत नाही. याप स्टामची गोष्ट लेखकाने विस्ताराने दिली आहे. डच बचावफळीतला हा आडदांड माणूस १९९८मध्ये मँचेस्टर युनायटेडला आला आणि पहिल्याच हंगामात तीन करंडक जिंकणाऱ्या संघाचा कणा ठरला. २००१मध्ये त्याला अचानक लाझिओला विकले. त्याच्या आत्मचरित्रावरून वाद झालेला होताच, पण त्याच्या टॅकलचा आकडा घसरला म्हणून तो संपला असे ठरवले गेले, अशीही एक कथा फुटबॉलच्या जगात सांगितली जाते. स्टाम पुढे लाझिओ, मिलान, आयाक्स असा आणखी सहा वर्षे वरच्या दर्जाचे फुटबॉल खेळला आणि आपण चूक केली हे अ‍ॅलेक्स फर्ग्युसनने नंतर उघड कबूल केले. टॅकलची ती कथा खरी असो वा नसो, ती सुचावी यातच सारे आले. जमिनीवर घसरत जाऊन चेंडू काढावा लागणे म्हणजे आधी दोन पावले चुकलेली असणे. चांगला बचावपटू योग्य जागी आधीच उभा असतो. समोरचा त्याला पाहतो आणि चेंडू दुसरीकडे देतो. न दिलेल्या पासाची मोजणी कशी करणार? खो-खोवाल्यांनी ती युक्ती शोधली: माणूस मोजू नका, वेळ मोजा.

मग बचावपटू आठवणीत राहतात ते कशामुळे? लेखकाचे सगळ्यात धारदार निरीक्षण इथे आहे, आणि ते वाचल्यावर मला माझ्याच स्मरणशक्तीचा राग आला. ते राहतात जागा सोडल्यामुळे. जर्नैलसिंग हा भारताचा सर्वश्रेष्ठ बचावपटू, यावर जुन्या लोकांत दुमत नाही. पण आपल्याला त्याचे काय आठवते? १९६२च्या जाकार्ता एशियाडमध्ये डोक्याला टाके पडले होते, म्हणून प्रशिक्षक रहीम यांनी त्याला मागून उचलून पुढे खेळवले आणि दक्षिण कोरियाविरुद्धच्या अंतिम सामन्यात त्याने गोल केला. भारत २-१ने जिंकला. आयुष्यभर अडवलेले शेकडो चेंडू एका बाजूला आणि पट्टी बांधलेल्या डोक्याचा तो गोल दुसऱ्या बाजूला. रोनाल्ड कूमन घ्या. २० मे १९९२, वेम्ब्ली, जादा वेळ, सांपदोरियाविरुद्ध त्याची फ्री-किक, आणि बार्सिलोनाला पहिला युरोपियन चषक. तो बचावपटू होता हे पोरांना सांगावे लागते.

रूड क्रोलने असा गोल करून ठेवला नाही, म्हणून त्याचे नाव आज आपल्याकडे फार थोड्यांना माहीत आहे. १९४९चा, अ‍ॅमस्टरडॅमचा. बारा वर्षे आयाक्सला. १९७४च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात म्युनिकला हॉलंडची मागची फळी होती सुरबीर, हान, रायसबर्गेन आणि क्रोल. त्यांतला आरी हान तर मूळचा मधल्या फळीतला. रिनुस मिखेल्सच्या 'टोटल फुटबॉल'वर जगात कपाटभर पुस्तके आहेत. लेखकाने ते दीड पानात समजावले आहे, आणि खो-खोच्या मदतीने. बसलेल्याच्या पाठीवर थाप देऊन 'खो' दिला की तो उठतो आणि थाप देणारा त्याच्या जागी बसतो. जागा रिकामी राहत नाही, माणूस बदलतो. क्रोल डावीकडून पुढे धावला की मधल्या फळीतला कोणीतरी मागे त्याच्या जागी येऊन उभा राही. तो परत येईपर्यंत ती जागा त्याची. त्या संघाला कोणी 'खो' म्हणायला शिकवले नव्हते, पण आमच्या शाळेच्या मैदानावरच्या कोणत्याही पोराला ते कळले असते. क्रोल १९७४चा अंतिम सामना हरला, १९७८चा कर्णधार म्हणून हरला. हॉलंडसाठी ८३ सामने खेळला. मला तो या पुस्तकातला सगळ्यात सुंदर माणूस वाटला.

पण पुस्तकाचा मध्य आहे राहुल भेके, आणि ते योग्यच आहे. ६ डिसेंबर १९९०चा जन्म, मुंबईचा मराठी मुलगा. मुंबई एफसी, मग कोलकात्याला ईस्ट बंगाल, २०१५मध्ये केरळ ब्लास्टर्स, २०१६मध्ये एफसी पुणे सिटी, २०१७पासून बंगळुरू, २०२१मध्ये परत मुंबईत मुंबई सिटी, २०२४मध्ये पुन्हा बंगळुरू. कधी उजव्या बगलेला, कधी मधोमध. जिथे भोक पडेल तिथे. दोन्ही हातांनी चेंडू डोक्यामागून फेकला की तो थेट गोलपुढच्या गर्दीत पडे, एवढी एक खासियत सुरुवातीला त्याच्या नावावर होती. देशाच्या संघात तो आला तेव्हा अठ्ठावीस वर्षांचा होता. त्या वयात काही आघाडीवीरांची उतरण लागलेली असते.

आणि आला तो कोणासमोर? ५ जून २०१९, थायलंडमधले बुरिराम, किंग्ज कप, समोर कुरासाव. कॅरिबियनमधले हे बेट नेदरलँड्सच्या राज्याचाच भाग. संघातले बरेच जण हॉलंडमध्ये वाढलेले, डच अकादम्यांत शिकलेले. पूर्वार्धातच त्यांनी तीन गोल केले. भारत १-३ हरला. जुलैमध्ये अहमदाबादला कांकरियाजवळच्या मैदानात इंटरकाँटिनेंटल कप झाला. मी आणि लेखक सकाळच्या गाडीने गेलो, रात्री उशिरा परतलो. ताजिकिस्तानने चार गोल केले. पुढच्या सामन्यात उत्तर कोरियाने पाच केले. तो आम्ही घरीच पाहिला, कारण दुसऱ्यांदा भाडे खर्च करायची इच्छा राहिली नव्हती. दोन सामन्यांत नऊ. सप्टेंबरात गुवाहाटीला ओमानविरुद्ध आघाडी होती, ती शेवटच्या काही मिनिटांत गेली. पाच दिवसांनी दोहाला कतार. त्या वर्षीच्या फेब्रुवारीत आशिया चषक जिंकलेला संघ, त्याचेच मैदान, आणि कर्णधार सुनील छेत्री आजारी.

१० सप्टेंबर २०१९च्या त्या रात्रीवर लेखकाने अकरा पाने लिहिली आहेत. त्यांत एकही गोल नाही, कारण झालाच नाही. मागच्या फळीत उजवीकडे भेके, मध्ये संदेश झिंगन आणि गोव्याचा आदिल खान, डावीकडे गोव्याचाच मंदार राव देसाई. कतारने दोन डझनांहून अधिक फटके मारले. गोलरक्षक गुरप्रीतने जे अडवले ते सगळ्यांनी पाहिले आणि त्याची वाहवा झाली; ती त्याची हक्काचीच होती. लेखक मात्र गोलरक्षकाकडे बघतच नाहीत. त्यांनी टीव्हीवर तो सामना पुन्हा पुन्हा लावला आणि फक्त उजव्या बगलेवर डोळा ठेवला. कतारचा खेळाडू चेंडू घेऊन येतो, भेके दीड पाऊल मागे सरकतो, झेप घेत नाही, त्याला रेषेकडे जाऊ देतो, आत येऊ देत नाही. चेंडू परत मागे जातो. पुन्हा तेच. पुन्हा तेच. वाचताना कंटाळा येतो, आणि मला वाटते तो कंटाळा लेखकाने मुद्दाम आणला आहे. संपादक असतो तर मी तीन पाने कापली असती. ती कापली गेली नाहीत हेच बरे झाले असेही आता वाटते.

त्याच सहा महिन्यांत या माणसाचा दुसरा, लोकांना ठाऊक असलेला क्षण आहे. १७ मार्च २०१९, अंधेरीचे मैदान, इंडियन सुपर लीगचा, म्हणजे आयएसएलचा, अंतिम सामना, बंगळुरू आणि गोवा. ११६ मिनिटे गोलशून्य. ११७व्या मिनिटाला कॉर्नर, गर्दीतून भेकेचे डोके वर आले आणि बंगळुरूने पहिल्यांदा तो करंडक जिंकला, भेकेच्या स्वतःच्या शहरात. एक वर्ष आधी हाच बंगळुरू संघ घरच्या मैदानावर चेन्नईयनकडून अंतिम सामना हरला होता, आणि त्यात दोन गोल मायल्सन आल्व्हेस या ब्राझिलियन बचावपटूने डोक्यानेच केले होते. हिशेब असा फिटला. मंदार राव देसाई त्या दिवशी गोव्याच्या बाजूला होता. सप्टेंबरात दोहाला दोघे एकाच फळीच्या दोन टोकांना उभे राहिले आणि २०२१मध्ये मुंबई सिटीत एकत्र आले. हा धागा मला लेखकाने दाखवल्यावर दिसला.

पुढेही तसेच. ११ एप्रिल २०२२ला रियाधमध्ये इराकच्या एअर फोर्स क्लबविरुद्ध भेकेच्या गोलाने मुंबई सिटी २-१ जिंकली. एएफसी चॅम्पियन्स लीगमध्ये भारतीय क्लबचा तो पहिला विजय. २०२४च्या मे महिन्यात कोलकात्याला मोहन बागानला ३-१ हरवून आयएसएलचा करंडक उचलला तो कर्णधार भेकेने. नोव्हेंबर २०२४मध्ये हैदराबादला मलेशियाविरुद्ध बरोबरीचा गोल, मार्च २०२५मध्ये शिलाँगला मालदीवविरुद्ध पहिला गोल. शोधयंत्रात त्याचे नाव टाका, हेच गोल येतील. आणि २०२४च्या जानेवारीत आशिया चषकात ऑस्ट्रेलियाला झिंगनबरोबर त्याने अर्धा सामना गोल करू दिला नव्हता, ते? ते येणार नाही, कारण उत्तरार्धात दोन पडले.

जगात बचावपटूला खाते मिळाल्याचे एक उदाहरण आहे, व्हर्जिल फान डाइकचे. ब्रेडाचा हा मुलगा विलेम ट्वीच्या अकादमीत असताना उपाहारगृहात भांडी घासत होता. ख्रोनिंगनला असताना २०१२मध्ये पोटातल्या संसर्गाने तो मरता मरता वाचला. सेल्टिक, साउदम्प्टन, आणि २०१८च्या जानेवारीत साडेसात कोटी पौंडांना लिव्हरपूल. २०१९मध्ये युरोपचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून त्याची निवड झाली. हा मान मिळालेला तो पहिला बचावपटू. बॅलन डी'ऑरमध्ये मेस्सीच्या मागे दुसरा. हे सगळे खरे असले तरी त्याचे प्रकरण मला पुस्तकात सर्वांत फिके वाटले. त्याच्यावर सगळ्यांनी लिहून झाले आहे.

त्यापेक्षा जियानी झुइव्हरलूनची आठ पाने वाचा. रॉटरडॅमचा, फेयेनूर्डचा, २००७मध्ये २१ वर्षांखालील युरोपीय विजेत्या डच संघातला. मग हीरेनवीन, इंग्लंडमध्ये वेस्ट ब्रॉमविच, स्पेनमध्ये मायोर्का, परत हॉलंडमध्ये हेराक्लेस आणि देन हाग, पुन्हा स्पेन, आणि अखेर २०१८मध्ये दिल्ली डायनामोज व पुढच्या वर्षी केरळ ब्लास्टर्स. एवढ्या शहरांत बिऱ्हाड मांडणे आणि मोडणे. व्यावसायिक बचावपटूची खरी कारकीर्द अशी असते: फान डाइक एक, झुइव्हरलून हजारो. आमच्या वाडवडिलांच्या बदल्यांच्या नोकऱ्या आठवल्या. गायकवाड सरकारच्या चाकरीत अमरेली, नवसारी, मेहसाणा, कडी करत हयात गेलेली माणसे. प्रत्येक ठिकाणी वेगळा साहेब आणि काम तेच.

लेखकाशी माझे एक भांडण आहे आणि ते मी छापून ठेवणार आहे. त्यांनी कोल्हापूरला फक्त दोन पाने दिली. ज्या गावात तालमी फुटबॉलचे संघ चालवतात, पाटाकडील आणि शिवाजी तरुण मंडळाच्या सामन्याला शाहू स्टेडियमवर पाय ठेवायला जागा नसते, तिथल्या मागच्या फळीवर दोन पाने? कुस्तीच्या मातीतून आलेला बॅक कसा खेळतो, खांदा कसा लावतो, हा एका पुस्तकाचा विषय आहे. ते म्हणाले, "तिथं जाऊन राहावं लागेल, काका. ऐकीव लिहिणार नाही." हे उत्तर मला आवडले, पण पाने वाढली नाहीत ती नाहीतच.

मुखपृष्ठाचीही एक हकीकत आहे. लेखकाला वर भेकेचा फोटो नको होता, गोल करतानाचा तर नकोच. कोणत्याही बचावपटूचा, फक्त उभा असलेला, असा फोटो हवा होता. आम्ही दोघांनी तीन संध्याकाळी वर्तमानपत्रांचे जुने गठ्ठे आणि संगणक धुंडाळले. छायाचित्रकार चेंडूमागे असतो, त्यामुळे बचावपटू सापडतो तो उडी मारताना, पडताना किंवा चौकटीच्या कडेला अर्धा कापलेला. शेवटी लेखकाच्या भाच्याने पोळीतल्या पोरांचाच एक फोटो काढला. संध्याकाळ, विटांचा गोल, त्याच्यापुढे कमरेवर हात ठेवून उभा एक जाडसर मुलगा, नजर फोटोबाहेर कुठेतरी. बाकी गल्ली रिकामी.

तो छापखान्यात पाठवला आणि दुसऱ्या दिवशी छापखान्यातून फोन आला. फोटो चुकीचा कापला गेलाय का, चेंडू कुठे दिसत नाही.